वन्संचे कान

माझ्या नणंदबाई रॉक संगीतावर लिहायच्या. लिहायच्या म्हणजे सोलून काढायच्या. शहरातल्या बँडच्या पोरांनी त्यांचं नाव ‘करवत’ ठेवलं होतं, आणि ते त्यांना कळलं त्या दिवशी त्या इतक्या खुशीत होत्या की माझ्याशीही दोन वाक्यं नीट बोलल्या. त्यांचे गोडवे गायला मी हे लिहीत नाहीये. एका घरात आम्ही दोघींनी अर्धं आयुष्य काढलं आणि त्यातलं बरंचसं एकमेकींवर डोळे वटारण्यात गेलं. पण हल्ली बाहेरची माणसं त्यांच्याबद्दल वाटेल ते बोलतात, आणि ते मला खपत नाही. त्यांना नावं ठेवायचा पहिला हक्क माझा आहे.

मी त्यांना ‘वन्सं’ म्हणते. असं आता कुणी म्हणत नाही. मी मुद्दाम म्हणायला लागले, कारण त्यांना ते अजिबात आवडायचं नाही.

वर्तमानपत्रात त्या लागल्या त्या हवामान आणि निधनवार्ता टाइप करायला. संगीताचं पान बघणारे गृहस्थ शास्त्रीय गाण्याशिवाय दुसऱ्या कशाला संगीत म्हणायला तयार नव्हते. रॉक म्हणजे पोरांनी विजेशी केलेली मस्ती, असं त्यांचं मत. पण तरुण वाचक दुसरीकडे जायला लागले, तेव्हा पानाचा एक कोपरा या मस्तीला द्यायचं ठरलं. तो कुणाच्या गळ्यात मारायचा म्हणून बैठकीत सगळ्यांनी इकडेतिकडे बघितलं आणि शेवटी नजर टायपिंगच्या टेबलावर गेली. ही मुलगी नाही म्हणू शकणार नाही, हे त्यांना माहीत होतं. तिला नाही म्हणायचंच नव्हतं, हे माहीत नव्हतं. वन्संच्या खोलीत तेव्हाही पलंगाखाली कपडे कमी आणि रेकॉर्डी जास्त होत्या.

पहिल्याच कार्यक्रमाला मागच्या दारावरच्या माणसाने त्यांना आत सोडलं नाही. तो म्हणाला, ‘सही पाहिजे तर पुढच्या दाराला उभी राहा.’ कशाबशा आत पोहोचल्या तर गिटारवाल्याने त्यांच्या हातात आपलं जाकीट दिलं आणि चहा आणायला पाठवलं. वन्संनी जाकीट सांभाळलं, चहा आणून दिला, साखर ढवळूनसुद्धा दिली. दुसऱ्या दिवशी छापून आलं की या गृहस्थांना तीन कॉर्ड येतात आणि त्यातल्या दोन कॉर्डची त्यांना भीती वाटते. त्या गिटारवाल्याने नंतर सायकलींचं दुकान काढलं. ते चांगलं चाललं.

लेखाखाली नुसती आद्याक्षरं असायची, त्यामुळे वाचक ‘महोदय’ म्हणून पत्रं पाठवायचे. महोदय, तुमचा अभ्यास दांडगा आहे. महोदय, तुमच्यासारखा कान नाही. मग कधीतरी पानावर त्यांचा फोटो आला आणि तीच मंडळी लिहायला लागली, ‘बाई, तुम्हाला यातलं काय कळतं?’ वन्संनी त्याला छापील उत्तर दिलं, ‘फोटो येईपर्यंत कळत होतं.’ एवढी एक गोष्ट मी त्यांच्या तोंडावर कबूल केली नाही, पण ते उत्तर वाचून मी स्वयंपाकघरात एकटीच हसले होते.

माझ्याबद्दलही त्यांनी निकाल दिला होता. लग्न ठरायच्या आधी नवऱ्याने मला घरी नेलं. मी चांगलं तासभर बोलले, वन्सं ऐकत बसल्या. मी गेल्यावर भावाला म्हणाल्या, ‘आवाज बरा आहे. सांगण्यासारखं काही नाही.’ नवऱ्याने हे मला लग्नानंतर हसत हसत सांगितलं. तो हसत होता, मी नव्हते. तो मुळात गरीब माणूस. आयुष्यभर आमच्या दोघींच्या मधे बसून जेवला आणि दोन्ही बाजूंना मान डोलावत राहिला.

मी इस्पितळात कानाच्या विभागात काम करते. लोकांना काचेच्या खोलीत बसवायचं, कानांवर हेडफोन चढवायचे, बाहेरून बारीकमोठे आवाज पाठवायचे आणि ऐकू आला की बटण दाबा म्हणायचं. दिवसभर हेच. त्यामुळे वन्संची काम करायची तऱ्हा बघून माझ्या अंगाचा तिळपापड व्हायचा. त्या थेट स्टेजखाली, माणसापेक्षा उंच स्पीकरच्या पुढ्यात उभ्या राहायच्या. मागे उभं राहून ऐकणं म्हणजे दुसऱ्याच्या तोंडून ऐकणं, असं त्यांचं म्हणणं. मी चांगले रबरी बोळे आणून दिले, कानात घालायला. म्हणाल्या, ‘चाळणीतून गाळलेलं मी ऐकत नाही.’ आणि त्यांच्या खिडकीच्या फटीतून वारा येत होता, तिथे ते बोळे खुपसून ठेवले. त्यानंतर बोळ्यांवरून मी तोंड उघडलं नाही. जा म्हटलं, मरा.

अशी वर्षं गेली. त्यांचं नाव झालं. एखाद्या बँडला त्यांनी बरं म्हटलं तर त्या पोरांना पुढची दारं उघडायची, आणि वाईट म्हटलं तर ती बंद व्हायची. गाणारे त्यांना बघून रस्ता बदलायचे. एका गायकाने भर स्टेजवरून त्यांना शिवी दिली, तर वन्संनी लेखात लिहिलं की संपूर्ण कार्यक्रमात तेवढंच एक वाक्य सुरात होतं.

मग त्यांचे लेख बदलायला लागले. आधी ते कुणाच्या लक्षात आलं नाही, कारण करवत ती करवतच. पण मी दुपारी इस्पितळात चहा पिताना त्यांचा कोपरा वाचायचे, चुका काढायला वाचायचे, आणि मला जाणवलं की सगळ्या बँडवर एकच आरोप होतोय. आवाज मळका आहे. गोधडीखालून वाजवल्यासारखं वाजतंय. गायकाच्या तोंडात शब्द विरघळतात. हल्लीच्या पोरांना चमक म्हणून नाही. जुना बँड असो, नवा असो, सगळ्यांवर तीच धूळ.

घरीही तेच. ‘तुम्ही सगळे पुटपुटायला कधी लागलात?’ असं त्या माझ्या नवऱ्यावर खेकसायच्या. शेगडीवरचा कुकर शिट्ट्या मारून मारून थकायचा आणि वन्सं शेजारी उभ्या राहून पेपर वाचत असायच्या. मला कळलं होतं. माझं कामच ते आहे. कान एकदम जात नाहीत. आधी बारीक, वरचे आवाज जातात, जाड आवाज तसेच राहतात. ज्याचे जातात त्याला पत्ता लागत नाही. त्याला वाटतं, जगच मळलंय. मी एकदा म्हटलं, ‘वन्सं, एकदा तपासून घ्या.’ त्या म्हणाल्या, ‘मी लिहिणं थांबवावं म्हणून तू किती वर्षं टपून बसली आहेस?’ मीही चिडले. म्हटलं, ‘नका येऊ. बसा भिंतींशी बोलत.’

त्याच सुमारास त्यांनी एका ड्रमरवर लिहिलं. ड्रमच्या वर स्टँडवर पितळेच्या थाळ्या टांगलेल्या असतात, त्यांना ही मंडळी सिंबल म्हणतात. वन्संनी लिहिलं की या ड्रमरने सिंबल फक्त दिवाणखान्यातल्या फुलदाणीसारखे मांडले आहेत, हात लावायची त्याला भीती वाटते. पुढे असंही लिहिलं की त्याचा डावा हात मागे राहतो. त्याचा बँड महिन्याभरात मोठ्या दौऱ्यावर निघणार होता. बँडच्या म्होरक्याने कात्रण त्याच्यासमोर ठेवलं, ‘करवत म्हणते त्याअर्थी काहीतरी असणार,’ असं म्हणाला आणि दौऱ्यावर दुसऱ्यालाच घेऊन गेला.

एका रविवारी सकाळी तो ड्रमर आमच्या दारात. रुंद खांद्यांचा, तिशीचा गडी, चेहरा रागाने काळवंडलेला. नमस्कार नाही, काही नाही.

‘बाई, तुम्ही त्या दिवशी नक्की माझ्याच कार्यक्रमाला आला होतात ना?’

‘दुर्दैवाने,’ वन्सं म्हणाल्या.

‘मग हे ऐका.’ त्याने खिशातून फोन काढला. कार्यक्रमाचं रेकॉर्डिंग होतं. आमच्या बैठकीतल्या स्पीकरला त्याने तो जोडला आणि आवाज वाढवला.

गाणं सुरू झालं. मी आणि नवरा सोफ्यावर बसलो होतो. आणि खोलीभर सिंबल वाजत होते. इतके, की शोकेसमधले ग्लास किणकिणत होते. प्रत्येक ओळीच्या शेवटी झणझणाट. त्या गाण्यात दुसरं काही ऐकूच येत नव्हतं म्हटलं तरी चालेल.

वन्सं डोळे मिटून ऐकत होत्या. गाणं संपलं. त्यांनी डोळे उघडले आणि विजयी मुद्रेने ड्रमरकडे बघितलं.

‘बघ! कुठे आहेत तुझे सिंबल?’

नवरा आपल्या पायाच्या अंगठ्याकडे बघायला लागला. ड्रमरने आधी त्याच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. मी नजर चुकवली नाही, आणि त्याला सगळं कळलं. त्याच्या चेहऱ्यावरचा राग जाऊन तिथे जे आलं ते मला रागापेक्षा वाईट वाटलं.

‘अहो, यांना ऐकूच येत नाही,’ तो म्हणाला. वन्संना नाही, मला म्हणाला. वन्संसमोर, जणू त्या तिथे नाहीतच. मग दारात जाऊन वळला. ‘बाई, माझं गेलं ते तुमच्या कानांमुळे गेलं. हिंमत असेल तर तेही छापा.’

वन्संनी दिवसभर खोलीचं दार उघडलं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी मी इस्पितळात जायला निघाले तर त्या चपला घालून उभ्या. ‘तुझ्या त्या काचेच्या खोलीत किती वेळ लागतो?’

मी त्यांना आत बसवलं. हेडफोन चढवले, हातात बटण दिलं. सुरुवातीचे जाड आवाज त्यांनी बरोबर टिपले. मग मी वर वर जायला लागले, आणि त्या तरीही बटण दाबत राहिल्या. माझाच विश्वास बसेना. इतक्या बारीक आवाजाला तरुण माणसंही चाचपडतात, आणि इथे बटणाबरोबर लागणारा माझ्या यंत्रावरचा दिवा कसा नेमाने लागतोय. फारच नेमाने. मला शंका आली. मी यंत्रावरून हात काढला आणि मांडीवर ठेवला.

काचेच्या आत वन्संनी बटण दाबलं.

मी काहीच पाठवलं नव्हतं. थोड्या वेळाने त्यांनी पुन्हा दाबलं. मग पुन्हा. ताठ बसलेल्या, हनुवटी वर, पायाचा पंजा अगदी हळू हलत होता. इतकी वर्षं एकच काम करून माझ्या हाताला एक लय बसली होती, ठरावीक अंतराने आवाज पाठवायची. वन्संनी ती लय पकडली होती आणि त्या लयीवर त्या शांततेला ठेका देत होत्या. आयुष्यभर माझ्यावर दात धरलेली ही बाई काचेपलीकडे लबाडी करत बसली होती. मला जिंकल्याचा आनंद व्हायला हवा होता. मला रडू आलं. मी तोंड धुवून आत गेले.

‘वन्सं, मी आवाज पाठवत नव्हते.’

त्यांनी हेडफोन काढले. ‘मग लय बिघडवायला शीक. इतकी सरळ लय कुणी ठेवतं का?’ मग बटण माझ्या हातात दिलं. ‘किती गेलंय?’

‘वरचं जवळजवळ सगळं.’

‘कधीपासून?’

मला गोड बोलता आलं असतं. पण त्यांच्याशी गोड बोलायची सवयच नव्हती. ‘तुमचे लेख काढून बघा. जिथून सगळे बँड मळके व्हायला लागले, तिथपासून.’

उठताना त्यांनी माझा हात धरला. पूर्वी कधी धरला होता असं मला आठवत नाही.

संध्याकाळी त्या संपादकांकडे गेल्या. काय झालं ते त्यांनीच घरी येऊन सांगितलं, दोघांचेही आवाज काढून. संपादक म्हणाले, ‘असलं काही छापता येणार नाही. लोक मागच्या प्रत्येक लेखावर बोट ठेवतील.’ वन्सं म्हणाल्या, ‘ठेवू देत. ठेवायलाच हवं.’ ते म्हणाले, ‘तब्येतीचं कारण दाखवून मानाने निवृत्त व्हा. हारतुरे करू.’ वन्सं म्हणाल्या, ‘तब्येत ठणठणीत आहे, कान गेलेत. आणि त्या पोराचं नाव मी खराब केलंय, तुमच्या हारांनी ते धुतलं जाणार नाही.’ संपादकांनी त्यांना खोलीबाहेर जायला सांगितलं. तेव्हा वन्सं निघाल्या दुसऱ्या वर्तमानपत्राकडे, ज्याच्या संगीताच्या पानाला त्या जन्मभर ‘जाहिरातींमधली मोकळी जागा’ म्हणत आल्या होत्या. त्यांनी हसत हसत जागा दिली. करवतीचा कबुलीजबाब कुणाला नको असतो?

पण लिहायच्या आधी त्या ड्रमरला पुन्हा ऐकायचं, असा त्यांचा हट्ट. न ऐकता त्या कधी लिहीत नसत, आणि आता तर कळलं होतं की त्याला त्यांनी ऐकलंच नव्हतं. मी त्यांच्या कानांना यंत्रं बसवून दिली आणि सोबत गेले. कशाला गेले कोण जाणे. तो त्यांना काही बोलला असता तर मधे पडायला गेले असेन, किंवा तो काय बोलतो ते ऐकायला.

तो एका गॅरेजच्या वरच्या खोलीत सराव करायचा. भिंतींवर अंड्यांचे ट्रे चिकटवलेले, जमिनीवर जुना गालिचा, एकच खुर्ची. ती त्याने आम्हाला दिली नाही. वन्संनी येण्याचं कारण सांगितलं. तो ड्रममागे बसला, काठी उचलली आणि सिंबलवर हाणली.

वन्संचे दोन्ही हात कानांकडे गेले आणि अर्ध्यावरच थांबले. त्यांच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं. ‘एवढं असतं हे,’ त्या म्हणाल्या. ‘मी विसरलेच होते.’

त्याने ते बघितलं आणि पुन्हा हाणली, गरजेपेक्षा जोरात. मला त्याच्या कानाखाली वाजवावीशी वाटली. मग त्याने पूर्ण गाणं वाजवलं. घामाघूम झाला. काठ्या मांडीवर ठेवून म्हणाला, ‘काय लिहिणार?’

‘सिंबल वाजत होते. मला ऐकू आले नाहीत, कारण माझे कान गेलेत. माझ्या लेखामुळे तुझा दौरा गेला. हे सगळं लिहीन.’

‘आणि?’

‘आणि काय?’

‘मी चांगला वाजवतो, असं एक वाक्य. तेवढं तुमच्या नावाने छापून आलं तर दुसरा बँड मला उद्या घेईल.’

मी मनात म्हटलं, लिहा बाई, एक वाक्य तर आहे.

‘चांगला नाही वाजवत,’ वन्सं म्हणाल्या. ‘बरा वाजवतोस. डावा हात मागे राहतो. ते तेव्हाही बरोबर लिहिलं होतं.’

तो उठला. त्याचे कान लाल झाले होते. ‘माझं वाटोळं करून वर हे ऐकवायला आलात? चालत्या व्हा दोघी.’

रस्त्यावर आल्यावर मी वन्संवर तुटून पडले. माणसं वळून बघत होती, मला पर्वा नव्हती. ‘एक ओळ लिहिली असती तर काय हात झिजला असता तुमचा? त्याचं पोट आहे त्यावर! दगड आहात तुम्ही, दगड!’

‘ओरडू नकोस, आता मला ऐकू येतं,’ त्या म्हणाल्या. मग चालता चालता थांबल्या. ‘मी चुकले असं लिहायचं आणि त्याच कागदावर खोटंही लिहायचं? मग चुकले हे तरी कोण खरं मानेल? म्हणतील, बाईला दया आली.’

‘येऊ दे की एकदा दया!’

‘येते. लिहिताना येऊ देत नाही.’

लेख छापून आला. सिंबलचं, कानांचं, दौऱ्याचं, सगळं साध्या शब्दांत. डाव्या हाताचंही एक वाक्य होतं, जे काढा म्हणून मी रात्रंदिवस डोकं खाल्लं होतं. त्या वर्तमानपत्राने वर मथळा दिला, ‘करवतीचे दात पडले’. वन्संच्या स्वतःच्या वर्तमानपत्राने त्याच आठवड्यात त्यांचा कोपरा बंद केला. आणि मग सगळ्यांनी तोंडसुख घेतलं. एका बँडने तो मथळा टी-शर्टवर छापून घेतला. सायकलवाला गिटारिस्ट कुणालातरी म्हणाला की बाई पहिल्यापासूनच बहिरी होती. पत्रं आली, एकेक इतकं विखारी की मी आधी फाडून टाकायला बघायचे. वन्सं ती माझ्या हातातून काढून घ्यायच्या, टेबलावर बसून मोठ्याने वाचायच्या आणि म्हणायच्या, ‘राग आहे, पण शिवी जुनाट आहे.’ नवरा ताट सोडून उठून जायचा. मी बसून राहायचे.

ड्रमरचा फोन माझ्या मोबाइलवर आला. बोलला तुटकच. मी खोलीत जाऊन वन्संना सांगितलं, ‘लेख वाचला म्हणाला. सिंबलचं कबूल केलंत ते बरं केलंत. पण माफ करणार नाही म्हणाला.’

‘नको करू दे. डाव्या हाताबद्दल काय म्हणाला?’

‘ते छापायला नको होतं म्हणाला.’

‘खोटं आहे, असं म्हणाला?’

मी आठवून बघितलं. ‘नाही. तसं नाही म्हणाला.’

वन्संनी मान डोलावली. मला बाहेर जायला सांगितलं आणि दार लावून घेतलं. मी स्वयंपाकघरात येऊन भांडी लावायला लागले, आणि आतून रडण्याचा आवाज आला. लहान मुलासारखा, मोकळा, सबंध घरात ऐकू जाईल असा. यंत्रं त्यांनी काढून ठेवली असणार. बाहेर किती ऐकू जातंय, याचा त्यांना अंदाजच नव्हता. नाहीतर माझ्यासमोर त्यांनी हुंदकाही काढला नसता. नवरा दारापाशी येऊन घुटमळला आणि त्याने माझ्याकडे बघितलं. मी हात पुसले, दार न वाजवता आत गेले आणि त्यांच्या शेजारी बसले.